पुढचे पाय येईपर्यंत

सिस्टरला पाणी दिसलं की ती वाकायची. कुणाच्याही घरी गेली तरी आधी माणसाकडे बघायची नाही. फ्रिजमागचा ट्रे, कुंडीखालची ताटली, मोरीतली बादली, सगळीकडे डोकं घालून यायची आणि मग खुर्चीवर बसून म्हणायची, "हं, आता सांगा, कशाला बोलावलं?" लोकांना राग यायचा. मला यायचा नाही. माझ्या घरी ती पहिल्यांदा आली तेव्हा माझ्या पिंपात अळ्या निघाल्या होत्या आणि तिने ते पिंप माझ्याच पायांवर पालथं केलं होतं. यायचा तेवढा राग त्याच दिवशी येऊन गेला.

तोंडावर मी तिला अहो-जाहो करायची. इथे 'ती' म्हणते, कारण आता ऐकायला ती नाही, आणि असती तरी तिला त्याचं काही वाटलं नसतं. ती मूळची नागपूरकडची. महापालिकेच्या दवाखान्यात नर्स म्हणून पुण्यात आली. पर्वतीच्या पायथ्याला आमच्या वस्तीत तिने घर घेतलं तेव्हा लोक हसले होते, की सरकारी पगार घेणारी बाई पत्र्याखाली कशाला राहते. लग्न केलं नव्हतं. का, असं कुणी विचारलं की म्हणायची, "वेळ नव्हता." बोलणं एरवी पुण्याच्या लोकांसारखं, मोजून मापून. रागावली की मात्र नागपूर बाहेर यायचं. 'काऊन' आणि 'कायले' ऐकू आलं की आम्ही समजायचो, आज कुणाचं तरी खरं नाही.

पुढे वस्ती पाडून तिथे उंच इमारत झाली. सगळी झाडं गेली, एक उंबर तेवढा राहिला, कारण तो गेटच्या कडेला होता आणि त्याला हात लावायला बिल्डरची माणसं दत्ताला भ्यायली. या उंबराची एक जाड फांदी वायरींसाठी कधीतरी कापली होती. ती जागा कुजत कुजत कमरेइतक्या उंचीवर चांगली मोठी ढोली झाली. पावसाचं पाणी त्यात साठायचं आणि दिवाळीनंतरही बरेच दिवस टिकायचं. पाण्याचा रंग कोऱ्या चहासारखा. वास कुजक्या पानांचा. मी तर त्याला गटारच म्हणायची.

सिस्टर रोज सकाळी तिथे जायची. एका हातात आमटीचा डाव, दुसऱ्या हातात टवके उडालेली पांढरी इनॅमलची थाळी. डावाने पाणी काढायचं, थाळीत ओतायचं, चष्मा लावून बघत बसायचं आणि परत होतं तसं ढोलीत सोडायचं. येणारे-जाणारे विचारायचे, आमटीला मीठ बरोबर आहे ना. ती मान वर न करता म्हणायची, "तुमच्या घरच्यापेक्षा बरी आहे."

एकदा मी तिला सरळ विचारलं. जन्मभर आमची पिंपं ओतलीत, मग हे पाणी का ओतत नाही? सरकारी बाईला झाडाचं गटार चालतं आणि गरिबाचं पिंप चालत नाही, असं का? तिने मला खांद्याला धरून थाळीवर वाकवलं. पांढऱ्या थाळीत बारीक अळ्या वळवळत होत्या, आणि त्यांच्यात एक जाडजूड तांबूस अळी होती. ती दुसऱ्या अळीला तोंडात धरून बसली होती.

"पिंपात डास एकटेच राहतात," ती म्हणाली. "इथे त्यांना खाणारेही राहतात. हा जाडा आहे ना, हापण मोठा होऊन डासच होतो. पण चावत नाही, फुलातलं पितो. डास इथे होतच नाहीत असं मी म्हणणार नाही. होतात. पण आधी बघा, मग ओता."

हे तिचं ठरलेलं वाक्य. आधी बघा, मग ओता. माझ्या पिंपाच्या वेळीही तिने आधी बघितलंच होतं, एवढं मला मान्य करावं लागलं. त्यातलाच एक मोठा फुलातलं पिणारा डास एकदा आमच्या चेअरमनच्या घरात शिरला. चिमणीएवढा डास आला म्हणून त्यांनी अख्ख्या जिन्यात फवारा मारला. सगळी इमारत खोकत खाली आली. तो डास काही सापडला नाही.

पावसाळ्यात उंबरावर बेडूक यायचा. चिखलात बसणारा नव्हे, झाडावर चढणारा, तपकिरी, बोटांच्या टोकांना गोल गाद्या असलेला. त्याची मादी ढोलीच्या काठावर, पाण्याच्या वर, पांढरा फेस करून ठेवायची आणि त्यात अंडी असायची. पिल्लं फुटली की टपाटप खाली पाण्यात पडायची. हे आम्हाला कुणाला माहीत नव्हतं. तिसऱ्या मजल्यावरची कोमल, नवीन लग्न होऊन आलेली, तिने तो फेस बघितला आणि कुणीतरी कपड्यांचं पाणी झाडाला ओतलं असं समजून पाइप लावून तो धुऊन काढला. वर सिस्टरला सांगायलाही गेली, की तुमचं झाड स्वच्छ केलं. सिस्टर आधी खाली जाऊन ढोलीचा काठ बघून आली. मग म्हणाली, "साबण नव्हता बाई तो. पोरं होती." कोमल रडली. सिस्टरने तिला चहा पाजला, पण 'असू दे' म्हणाली नाही. जे असू देण्यासारखं नाही त्याला ती असू दे म्हणत नसे.

तिचंही चुकायचं. एका वर्षी पाऊस मध्येच थांबला आणि ढोली आटायला लागली. तेव्हा तिने माझं घमेलं मागून नेलं, नळाचं पाणी भरलं आणि बेडकाची पिल्लं त्यात ठेवली. दुसऱ्या दिवशी सगळी उलटी तरंगत होती. नळाच्या पाण्यातल्या औषधाने मेली असतील. तिने घमेलं घासून परत आणून दिलं आणि म्हणाली, "नर्स असून मी हे विसरले." त्यानंतर तिने त्यांना कधी ढोलीबाहेर काढलं नाही.

सगळ्यात जास्त भांडणं गुरुवारी. गुरुवारी बायका उंबराला दूध घालायच्या. बुंध्याशी घालायचं ते सोपं म्हणून ढोलीत ओतायच्या. सिस्टर गेटजवळ उभीच. "दूध नासतं, पाणी नासतं, खालची पोरं मरतात. चहात घाला. दत्तही रागावणार नाही, आणि नवऱ्याला एक दिवस तरी दुधाचा चहा मिळेल." बायका तिथल्या तिथे गप्प बसायच्या आणि जिन्यात गेल्यावर म्हणायच्या, यांना आपल्या देवाधर्माचं काय कळणार. 'यांना' म्हणजे कुणाला ते जिन्यातल्या प्रत्येकाला कळत होतं. सिस्टर बौद्ध होती. आमच्यातल्या निम्म्या बायकांची बाळंतपणं आणि पोरांची इंजेक्शनं तिच्या हातची, तेव्हा कुणी तिला 'यांना' म्हटलं नव्हतं. मी चौथी शिकलेली बाई आहे, पण एवढा हिशेब मला कळतो.

आता ज्याच्यासाठी लिहायला बसले ते सांगते.

गेल्या पावसाळ्याच्या शेवटी कोमलच्या मुलाला डेंग्यू झाला. पोर दवाखान्यात, रक्तातल्या पेशी रोज खाली. सिस्टर तिथे जाऊन बसायची, कोमलला घरी अंघोळीला पाठवायची, डॉक्टरांना प्रश्न विचारून हैराण करायची. पोर वाचलं. घरी आलं. त्याच आठवड्यात कोमलने कमिटीला सांगितलं की ती ढोली बंद करा. तिचं चुकलं असं मी म्हणत नाही. पोराच्या हाताला सुई टोचलेली बघितली की आई झाडसुद्धा तोडायला सांगेल.

उंबराखाली खुर्च्या मांडून मीटिंग झाली. चेअरमन म्हणाले, डासांची तपासणी करणारी माणसं दसऱ्यानंतर येणार आहेत, नोटीस लागली तर सोसायटीचं नाव जाईल. आम्हाला वाटलं, आता सिस्टर नागपूर बाहेर काढणार. तिने काढलं नाही. तिने थाळी भरून आणली आणि कोमलच्या मांडीवर ठेवली. बेडकाची उशिराची पिल्लं होती, शेपटीवाली, आणि शेपटीच्या मुळाशी मागचे पाय फुटलेले.

"मी वॉर्डात डेंग्यू बघितलाय," ती म्हणाली. "बंद करा म्हणता, बरोबर आहे. वाळू भरून घ्या, वाळूत पाणी साठत नाही, मी स्वतः भरून देते. फक्त यांचे पुढचे पाय येऊ द्या. पुढचे पाय आले की ते आपले आपण चढून जातात. दिवाळीपर्यंत थांबा. तोवर मी रोज डावाने अळ्या काढते."

एवढंच मागितलं तिने. सगळं सोडलं होतं. इतकी वर्षं राखलेलं पाणी ती स्वतःच्या हाताने वाळू घालून बुजवणार होती, आणि त्या बदल्यात फक्त पुढचे पाय मागत होती. कोमल म्हणाली, चालेल. चेअरमन उभे राहिले, छातीवर हात ठेवला आणि सगळ्यांसमोर म्हणाले, "दिवाळीपर्यंत कुणी हात लावणार नाही. शब्द देतो, सिस्टर."

सिस्टर त्यांच्या पाया पडायची तेवढी राहिली होती. मला ते आवडलं नाही. पण गप्प बसले, कारण शब्द मिळाला होता.

दरवर्षी दसऱ्याला सिस्टर नागपूरला जायची, दीक्षाभूमीवर. आजारी असली तरी जायची, रिझर्व्हेशन नसलं तरी जायची. तिचे आईबाप त्या पहिल्या सोहळ्याला चालत गेले होते, म्हणून तिचं जाणं चुकायचं नाही. हे आमच्या इमारतीत शेंबड्या पोराला ठाऊक होतं. निघताना ती मला म्हणाली, "गवंडीणबाई, लक्ष असू द्या." माझा नवरा गवंडी होता आणि मी त्याच्या हाताखाली जन्मभर घमेली वाहिली, म्हणून ती मला गवंडीणबाई म्हणायची. मी दसऱ्याच्या दुपारी हडपसरला मुलीकडे जेवायला गेले. दरवर्षी जाते. लक्ष ठेवायचं ते पोरांवर, दूध ओतणाऱ्या बायकांवर. शब्द देणाऱ्यावर लक्ष ठेवायचं असतं हे मला कुणी शिकवलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी परत आले तर ढोली नव्हती. तिथे सिमेंटचं गुळगुळीत पोट होतं. वर दत्ताच्या चित्राची फरशी बसवलेली, बुंध्याला गेरू आणि चुन्याचे पट्टे, खाली नारळाची करवंटी, झेंडू, आपट्याची पानं. सुट्टी होती, माणसं मोकळी होती, कुणाच्या तरी साइटवरचं सिमेंट उरलं होतं. कुणाच्या तरी म्हणजे माझ्या राजूच्या. माझा थोरला. बापाचाच धंदा करतो. ज्या थापीची सकाळी मी हळदकुंकू वाहून पूजा केली त्याच थापीने त्याने दुपारी ती ढोली लिंपली.

मी त्याला विचारलं, तुला कुणी सांगितलं?

"चेअरमननी. अगं आई, झाडाला भोक होतं, ते बुजवलं. झाड मजबूत झालं ना."

"झाडाचं हाड मोडलं होतं का प्लास्टर घालायला?"

"सिस्टरला बरंच वाटेल. आम्ही तर दत्तपण बसवला."

आत काय होतं ते बघितलं का, विचारलं. तो म्हणाला, पाणी होतं, खराब पाणी. काढून टाकायला वेळ नव्हता, त्यातच माल टाकला.

पन्नाशीला आलेल्या मुलाला मारता येत नाही. त्या रात्री मी त्याला जेवायला वाढलं नाही. ताट घेऊन तो स्वतः ओट्यापाशी गेला, तेव्हा मी पाठ फिरवून बसले.

अजून कुणी कुणी मला समजावतं, की दिवस ठरवून काही केलं नाही हो, सुट्टी होती म्हणून केलं. मला नका समजावू. ती इथे असती तर कुणाची हिंमत झाली नसती. ती त्या दिवशी कुठे असते आणि कशासाठी असते हे सगळ्यांना माहीत होतं. नेमक्या त्याच दिवशी नारळ फुटला.

सिस्टर रिक्षातून उतरली तेव्हा हातात संत्र्याच्या बर्फीची पिशवी होती. दरवर्षी सगळ्या इमारतीला वाटायची. तिने पिशवी खाली ठेवली, सिमेंटवर पंजा ठेवला आणि तसाच ठेवून उभी राहिली. ताप बघताना ठेवतात तसा. चेअरमन आधीच खाली आले होते. हसत म्हणाले, सिस्टर, दिवाळीच्या आधीच करून टाकलं, तुम्हाला त्रास नको.

मला वाटलं आता फुटेल. ती फुटली नाही. बर्फीचा बॉक्स उघडला, एक वडी काढली आणि त्यांच्यासमोर धरली.

"घ्या नं भाऊ. देल्लेला शब्द गिळला तुम्ही, कडू लागला असन. तोंड गोड करा."

त्यांनी वडी घेतली. खाल्लीही. लाज नसलेल्या माणसाला गोड लागतंच.

मी वर गेले, नवऱ्याची छिन्नी आणि हातोडा घेऊन खाली आले. सिमेंट मला शिकवायचं नाही कुणी. ओल्या झाडाला सिमेंट धरत नाही, कडेने सुटतं. मी छिन्नी लावली, सिस्टरने हातोडा मारला. तिला मारता येत नव्हता, दोनदा माझ्या बोटावर बसला. मग मी हातोडा घेतला आणि तिला छिन्नी धरायला लावली. गॅलऱ्यांमधून लोक फोनवर व्हिडिओ काढत होते. चेअरमन म्हणाले, सोसायटीच्या मालमत्तेचं नुकसान होतंय. मी म्हटलं, माझ्या पोराचा माल आहे, मी फोडते. दत्ताची फरशी मी आधी नीट काढून बाजूला ठेवली होती. देवाचा त्यात काही दोष नव्हता.

तो गोळा मोठ्या दातासारखा एकदम निघाला. त्याच्या खालच्या बाजूला राखाडी गाळ होता आणि गाळात ती पिल्लं चिकटलेली होती. सिस्टरने एकेक सोडवून पांढऱ्या थाळीत ठेवलं. मग चष्मा लावून थाळीवर वाकली.

"पुढचे आले होते हो," ती म्हणाली. "काहींना आले होते."

थाळी घेऊन ती गेटजवळ उभी राहिली आणि कमिटीतल्या एकेकाला नावाने हाक मारली, या, बघून जा. कुणी खाली आलं नाही. कोमल आली. पोराला कडेवर घेऊनच आली, थाळीत बघितलं आणि म्हणाली, मी दिवाळीपर्यंत चालेल म्हणाले होते, सिस्टर. सिस्टर म्हणाली, "तुमच्यावर राग नाही. तुम्ही बघून बोलल्या होत्या."

तपासणीवाले आले ते नंतर. ढोली कोरडी होती, ती बघून पुढे गेले. चेअरमनच्या घरात शोभेचा बांबू पाण्यात ठेवलेला होता, तो मात्र त्यांनी मोरीत ओतायला लावला. मला त्यात मजा वाटायला हवी होती, वाटली नाही.

त्यानंतर सिस्टरने वाळू भरली नाही. कमिटीशी केलेला व्यवहार त्यांनीच मोडला, म्हणाली. थंडीभर आणि उन्हाळाभर ती रोज सकाळी डाव-थाळी घेऊन कोरड्या ढोलीपाशी जायची, आत हात घालून सिमेंटचे कण वेचायची. पाऊस यायच्या आधी, मे महिन्यात, ती झोपेत गेली. दवाखाना नाही, धावपळ नाही. आयुष्यभर दुसऱ्यांची केली, स्वतःची कुणाला करू दिली नाही. ढोलीत पुन्हा पाणी आलेलं तिने बघितलं नाही. कुठून तरी ती बघत असेल असं बायका म्हणतात. मी तसलं काही मानत नाही. ती गेली आणि तिला ते बघायला मिळालं नाही, एवढंच खरं आहे, आणि याचा मला जो राग आहे तो जात नाही. जावा असंही वाटत नाही.

शोकसभेत चेअरमन बोलले. वृक्षप्रेमी म्हणाले, आमच्या मार्गदर्शक म्हणाले. तिच्या नावाची पाटी करून आणली होती, ती उंबराला ठोकायची होती. राजूला पुढे बोलावलं. राजू उठला, पाटी हातात घेतली आणि परत टेबलावर ठेवली. "झाडाला खिळा मी मारणार नाही," म्हणाला आणि माझ्या शेजारी येऊन बसला. त्या दिवशी मी त्याला जेवायला वाढलं.

डाव आणि थाळी आता माझ्याकडे आहेत. नागपूरहून तिचा भाचा आला होता, त्याने भांडी वाटून टाकली, तेव्हा मी एवढंच मागून घेतलं. रोज जाते. पाणी काढते, चहाच्या रंगाचं. कधी काही दिसतं, कधी काही नाही. सिस्टरला त्यातलं जे कळायचं ते मला कळत नाही, आणि वासही मला आवडत नाही. अळ्या दिसल्या की काढते. जाडी तांबडी दिसली की परत सोडते. यंदा काठावर फेस आला तेव्हा कोमलने तिसऱ्या मजल्यावरून ओरडून सगळ्यांना सांगितलं की पाइप कुणी लावायचा नाही.

परवा चेअरमन माझ्यामागे येऊन उभे राहिले. घसा साफ करून म्हणाले, "आजी, पावसाळा सुरू झाला. याचं काय करायचं ठरवलंय?"

मी म्हटलं, "आधी बघा, मग बोला," आणि डाव त्यांच्या हातात दिला.

ते डाव धरून उभे राहिले. एकदा ढोलीकडे बघितलं, एकदा गॅलऱ्यांकडे. ढोली कमरेइतकीच आहे. आत बघायचं तर वाकावं लागतं.

थोडा वेळ वाट बघितली आणि मी डाव परत घेतला.